आमचे हे मिल्टन कीन्सला वाघ झाले

परत आल्यापासून भिशीतल्या बायका एकच विचारतात, "लंडन बघितलंस का गं?" नाही बघितलं, बायांनो. विमानतळ ते गाडी, एवढंच माझं लंडन. तो राजवाडा, ते घड्याळ, तो नदीकाठचा मोठा पाळणा, सगळं तुम्ही मोबाईलवर माझ्यापेक्षा जास्त बघितलंय. मी बघितलं मिल्टन कीन्स, आणि तिथं बघितला साठी ओलांडलेला, अंगभर पिवळा रंग फासलेला, कमरेला घंट्या बांधलेला एक वाघ. तो वाघ म्हणजे आमचे हे. एसटीचे रिटायर्ड डेपो मॅनेजर. कोल्हापुरात ज्यांना बघून अजून माणसं खुर्चीतनं अर्धी उठतात, ते. आता बोला, लंडनचं काय घेऊन बसलात!

थांबा, हसायच्या आधी गेलो कशाला ते ऐका. आमची सायली तिथं आयटीत नोकरीला आहे. गेल्या वर्षी फोनवर म्हणाली, "आई, मला जोबिनशी लग्न करायचंय." जोबिन मूळचा केरळातल्या त्रिशूरचा, पण लहानपणापासून इंग्लंडातच वाढलेला. हॉस्पिटलमध्ये एक्स-रे काढतो. मला तर तो व्हिडिओ कॉलवरच आवडला, कारण बिचारा माझ्याशी मराठीत बोलायची धडपड करायचा. ह्यांचं मात्र एकच पालुपद, "माणसं बघितल्याशिवाय मी हो म्हणणार नाही." त्यावर सायली म्हणाली, "बाबा हो म्हणाल्याशिवाय मी लग्न करणार नाही. पण दुसऱ्या कुणाशी तर मुळीच करणार नाही." दोघं एकाच मातीची. मधल्यामधे माझा मृदंग झाला, दोन्हीकडनं थापा. म्हणून सप्टेंबरात, ओणमच्या, म्हणजे केरळवाल्यांच्या मोठ्या सणाच्या सुमाराला, आम्ही माणसं बघायला निघालो.

गोल गोल गाव

मिल्टन कीन्स हे गाव कुणीतरी आधी कागदावर आखून मग जमिनीवर उतरवलंय. रस्ते सरळ, झाडं सरळ, आणि जरा पुढं गेलं की एक गोल चौक, राउंडअबाउट. सायली गाडी चालवत होती आणि आम्ही गोल, परत गोल, परत गोल. प्रदक्षिणांचं पुण्य पदरात पडलं, पण पोटात ढवळायला लागलं. हे खिडकीतनं बघत म्हणाले, "आपला ड्रायव्हर इथं आणला तर सांगलीला निघालेली गाडी फिरून परत डेपोतच येईल." सबंध प्रवासातला हा त्यांचा पहिला विनोद. पुढं बरेच दिवस दुसरा झाला नाही.

पायी चालणाऱ्यांसाठी तिथं वेगळे लाल रस्ते आहेत, रेडवे म्हणतात. झाडीतनं, तळ्याकाठनं जातात. फार सुंदर, पण सगळे जुळ्या भावांसारखे एकसारखे. सायली म्हणायची, "आई, बिनधास्त चाल, इट्स टोटली सेफ. फक्त फोनवर मॅप लाव." मॅप लावला की ती बाई इंग्रजीत उजवीकडं वळा म्हणायची, आणि तिथं तळं असायचं.

काकडीचं सँडविच

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी जोबिनच्या घरी गेलो. दार उघडलं, तर सगळं घर शाळेच्या तपासणीला उभं राहावं तसं रांगेत. पहिले जोबिनचे वडील. नाव जोस, पण त्रिशूरकडं मोठ्या माणसाच्या नावाला एट्टन जोडतात, आपल्या दादासारखं, म्हणून सगळे त्यांना जोसेट्टन म्हणतात. मग आई लिस्सी, हॉस्पिटलात नर्स आहे. तिला नोकरी लागली म्हणून सगळं घर इकडं आलं. शेवटी डेव्हिस, शेजारी राहणारा, जोसेट्टनचा शाळेपासूनचा मित्र.

"गुड ईव्हनिंग, सर," जोसेट्टन म्हणाले.

"वेलकम, मॅडम," लिस्सी म्हणाली.

जोसेट्टननी पोटाशी एक उशी धरली होती. बसले तरी उशी, उठले तरी उशी. मला वाटलं पाहुण्यांसमोर बसायची त्यांच्यात अशी पद्धत असेल. देश तसा वेश, म्हणून मीही सोफ्यावरची एक उशी उचलून पोटाशी धरली. सायलीनं डोळे वटारले. मग कानात सांगितलं, की त्यांचं नुकतंच हर्नियाचं ऑपरेशन झालंय, खोकला किंवा हसू आलं की टाके ओढतात, म्हणून उशी दाबून धरायला सांगितलीय. मी माझी उशी हळूच खाली ठेवली.

जेवायला काय, तर काकडीचं सँडविच, उकडलेला बटाटा आणि पांढरं सूप. मिरी त्या सुपाला लांबनंच दाखवलेली. बोलणं काय, तर आज ऊन बरं पडलं, उद्या पाऊस आहे म्हणे. लिस्सीनं नवऱ्याला पाणी दिलं तर तो म्हणाला, "थँक यू, लिस्सी." मी ह्यांना कधी पाण्यासाठी थँक यू म्हटलं असतं ना, तर ह्यांनी मला दवाखान्यात नेलं असतं. डेव्हिस तर तोंडात गुळणी धरल्यासारखा बसला होता. मधेच त्याचे खांदे हलायचे, की जोबिन त्याच्याकडं बघायचा, की ते थांबायचे.

पुढच्या दिवसांत परत दोनदा गेलो, दोन्ही वेळा तेच. ह्यांनी मात्र डेपोची सवय सोडली नाही. पाणी प्यायला उठले की फ्रिज उघडून आत वाकून बघायचे. जोबिनच्या गाडीचं टायर बुटानं दाबायचे. हात मागं बांधून घरभर हिंडायचे आणि शेवटी म्हणायचे, "हं." हा 'हं' ऐकून डेपोत मेकॅनिकना घाम फुटायचा.

मग एका सकाळी रेडवेवर फिरताना हे म्हणाले, "मला ही माणसं पटत नाहीत."

मी चालता चालता थांबले. "अहो, किती सभ्य आहेत!"

"तेच तर. ज्या घरात कुणी कुणाला नावं ठेवत नाही, तिथं काहीतरी दडवलेलं असतं. जो कंडक्टर वाकून वाकून साहेब साहेब करतो, त्याच्यावरच नजर ठेवावी लागते. तू मला दिवसातनं किती वेळा मेल्या म्हणतेस?"

"तोंडानं की मनात?"

"बघ! हे असं पाहिजे. त्या पोराला मी विचारलं, सायलीतलं तुला काय आवडत नाही? तर म्हणतो, नथिंग, सर. नथिंग! मला विचार म्हणावं, मी बापच आहे, तासभर बोलेन."

"मग काय ठरवलंय तुम्ही?"

"ओणम झालं की आपलं विमान आहे. तोवर बघू. पण मन घेत नाही."

हे सायलीला सांगायची माझी छाती झाली नाही. पोरगी कामावरनं आली की आधी माझ्या तोंडाकडं बघायची, "बाबा काही बोलले?" मी म्हणायची, "अजून बघतायत." ती मान हलवून लॅपटॉप उघडायची, आणि स्क्रीनवर काहीच नसताना त्याच्याकडं बघत बसायची. मला तिच्याकडं बघवायचं नाही.

कुंपणाआडून

काही सुचलं नाही की बाई पुरण घालते. मीही घातलं. सायलीच्या घरात पोळपाट-लाटणं नव्हतं, म्हणून ओट्यावर बाटलीनं पोळ्या लाटल्या, डब्यात भरल्या, आणि ह्यांना म्हटलं, "चला, जोबिनकडं देऊन येऊ." तिथं कुणाकडं जायचं तर आधी मेसेज करून वेळ ठरवायची पद्धत आहे. मी म्हटलं, गोडाचा डबा द्यायला कसली आलीय वेळ! आणि न सांगता निघालो.

अर्थातच चुकलो. एका लाल रस्त्यावरनं दुसऱ्या लाल रस्त्यावर, आणि शेवटी घरांच्या मागच्या बोळात. तिथं लिस्सीचा फुलाफुलांचा पडदा दोरीवर वाळत होता, म्हणून घर ओळखलं. पण आतनं असा गलका येत होता की मला वाटलं मारामारी जुंपलीय. कुणीतरी बिस्किटाचा डबा बडवत होतं. आणि जोसेट्टनचा आवाज! तोच 'गुड ईव्हनिंग, सर'वाला, पण आता सात घरं ऐकतील असा. "एन्दूट्टा, शवी!" त्याच्यावर कडी करून लिस्सीचा आवाज, त्यात जोबिनचा, आणि हसणं. असं हसणं की ते ऐकून कुंपणाबाहेर मलाच हसू यायला लागलं.

मागचं फाटक उघडंच होतं. गॅरेजचं शटर वर केलेलं, आणि आत मधोमध डेव्हिस. शर्टाच्या आत सोफ्याची उशी कोंबलेली. हात मागं बांधून तो चार पावलं चालला, गवत कापायच्या मशीनच्या चाकाला बूट लावून दाबला आणि म्हणाला, "हं." मग नसलेला फ्रिज उघडला, आत वाकून बघितलं, बंद केला. "हं." गॅरेज कोसळायचं बाकी राहिलं.

मी माझ्या नवऱ्याला ओळखलं. नवऱ्यानंही स्वतःला ओळखलं.

जोबिननं आम्हाला आधी बघितलं आणि त्याच्या तोंडचा रंगच उडाला. मग लिस्सीनं, मग जोसेट्टननी. डेव्हिसची आमच्याकडं पाठ, तो आपला अजून एक 'हं' काढून मोकळा झाला. मग वळला. डबा बडवायचा थांबला. मी मनात म्हटलं, संपलं. माझ्या लेकीचं लग्न या गॅरेजमध्ये मोडलं, आणि मी हातात पुरणपोळ्या घेऊन उभी.

हे आत गेले. डेव्हिसभोवती एक पूर्ण चक्कर मारली. मग इंग्रजीत म्हणाले, "राँग."

सगळ्यांच्या माना खाली.

"हात चुकलाय. माझा डावा हात उजव्यात असतो, तुम्ही उलटा धरलाय. आणि 'हं' छातीतनं नाही काढायचा, नाकातनं काढायचा. असा. हं."

डेव्हिसनं हात बदलले. "हं."

"परत."

"हं."

"आता आला."

 मग जोसेट्टननी उशी पोटावर दाबली आणि "अय्यो, माझे टाके! माझे टाके!" करत ते खुर्चीत कोसळले. हसताहेत की रडताहेत कळेना. लिस्सी त्यांना "हसू नका, हसू नका" म्हणून दटावत होती आणि स्वतःच भिंतीला धरून हसत होती. मी एका रंगाच्या डब्यावर बसून घेतलं.

जोबिन पुढं आला. "सॉरी काका. मी सांगितला होता सगळ्यांना. सायलीची बाबा साहेब आहे. तुमचा समोर मस्ती नाही, स्लँग नाही, तिखट पण नाही. पण डॅडी आजारी पडला. तो कुणाला शिवी न देता राहू नाही शकत."

"गाढवा," हे म्हणाले, "मग आधी सांगायचं की!"

गाढव हा शब्द ऐकून मला इतका आनंद जन्मात झाला नव्हता. ह्यांनी घरातल्या माणसाखेरीज कुणाला कधी गाढव म्हटलेलं नाही.

पाठ भादरताना

पुरणपोळ्यांवर सगळे तुटून पडले आणि मग त्रिशूरचं खरं बोलणं सुरू झालं. मला मल्याळम ओ का ठो कळत नाही, पण हे कळायला लागलं, कारण हे तर आपल्याच तऱ्हेचं! एन्दूट्टा म्हणजे काय रे, आणि शवी म्हणजे शव, मढं. आपण नाही का पोराला लाडानं मुडद्या म्हणत? अगदी तसंच, तितक्याच मायेनं. कन्नाली म्हणजे गुरंढोरं, आपला बैल. आणि मित्राला काय म्हणतात? गडी! हाक मारायची तर "गड्ये!" मी म्हटलं, हा शब्द आमच्याकडनं चालत गेला की तुमच्याकडनं आला? जोसेट्टन म्हणाले, "तुमच्याकडनंच आला असेल. चांगल्या वस्तू आम्ही परत देत नाही." हे सगळं न हसता, मर्तिकाला आल्यासारखा चेहरा करून. तीच त्यांची कला. दुसऱ्याची बत्तिशी बाहेर काढायची आणि आपण मात्र हवापाण्याचं बोलल्यासारखं बसायचं.

डेव्हिसचं लक्ष मात्र भलतीकडंच होतं. त्यानं शर्टातली उशी काढली. उशीकडं बघितलं, ह्यांच्या पोटाकडं बघितलं, आणि उशी कोपऱ्यात फेकून दिली. भटजी मूर्तीसमोर उभे राहतात तसा तो ह्यांच्या पोटासमोर हात जोडून उभा राहिला.

त्याचं असं आहे, की ओणमला त्रिशूरमध्ये माणसं वाघ होतात. अंग रंगवायचं, पट्टे काढायचे, मुखवटा घालायचा आणि ढोलावर नाचायचं. त्याला पुलिकळी म्हणतात. त्यात मान कुणाचा? पोटवाल्याचा! पोटावर वाघाचं तोंड रंगवतात, आणि पोट हललं की ते तोंड डरकाळी फोडतं. मिल्टन कीन्सच्या त्रिशूरकरांचा पोटवाला वाघ दरवर्षी जोसेट्टन. यंदा त्यांचं पोट कापलं आणि उतरलंही. बाकीचे वाघ सगळे जिमला जाणारे. वाघ रंगवायचं काम डेव्हिसचं, आणि तिथले कोट्टायमकडचे, केरळातल्याच दुसऱ्या जिल्ह्यातले लोक त्याला आत्तापासूनच चिडवत होते की यंदा तुम्ही वाघ आणताय की मांजरं?

आपल्याकडं वडीलधाऱ्याच्या पोटाबद्दल कुणी चकार शब्द काढत नाही. मीसुद्धा डॉक्टरांच्या तोंडून वदवून घेते. इथं डेव्हिस भरल्या गॅरेजमध्ये ह्यांच्या पोटावर बोलायला लागला, मल्याळममध्ये, थांबेचना. सगळे हसून फुटत होते.

हे म्हणाले, "मी वाघ होतो. पण अट आहे. मला जे जे बोलाल ते सगळं जोबिननं मराठीत सांगायचं. एक शब्द गाळायचा नाही."

जोबिन पुढं सरकला. "डेव्हिस अंकल म्हणते, तुमची पोट..."

"तुमचं पोट."

"तुमचं पोट बांधताना कौन्सिलची प्लॅनिंग परमिशन घेतला होता का?"

"पुढं?"

"म्हणते, ह्याला चार एक्झिट दिला तर नवीन राउंडअबाउट होईल. लोक आपोआप गिव्ह वे करेल."

हे विचारात पडले. मग म्हणाले, "त्याला सांग, या राउंडअबाउटला एकच एंट्री आहे, वरनं. आणि ती दिवसभर चालू असते." जोबिननं ते मल्याळममध्ये सांगितलं आणि जोसेट्टन उशी घेऊन घरात पळाले. दारात उभं राहून ओरडले, की मला मारायला माणूस कोल्हापुराहून मागवलाय का.

त्या दिवसापासून काकडी बंद. लिस्सीनं कुडमपुळी, म्हणजे त्यांचं कोकम घालून लालभडक माशाचं कालवण केलं, मटणात कूर्का नावाचे बोटभर काळपट कंद घातले, आणि माझा कांदा-लसूण मसाला तर चमच्यानं खाल्ला. आम्ही दोघी रोज ओट्याशी उभ्या राहून आपापल्या नवऱ्यांना नावं ठेवायचो. तिला मराठी येत नाही, मला मल्याळम येत नाही. काही अडलं नाही.

ओणमच्या दिवशी सकाळीच गॅरेजमध्ये वाघ तयार करायला घेतले. आधी अंगावरचे केस काढावे लागतात, नाहीतर रंग धरत नाही. आणि ह्यांच्या पाठीवर, काय सांगू, गवताचं कुरण! जोबिननं ट्रिमर घेतला आणि खाली मान घालून कामाला लागला. आमच्याकडं सासरा जावयाचे पाय धुतो. इथं होऊ घातलेला जावई सासऱ्याची पाठ भादरत होता. मग पिवळ्या रंगाचा हात, तो वाळेपर्यंत बसायचं नाही, टेकायचं नाही, हात पसरून उभं राहायचं. ह्यांच्या एका हाताखाली झाडूचा दांडा, दुसऱ्या हाताखाली व्हॅक्यूम क्लीनरची नळी. बुजगावणंच. डेव्हिस गुडघ्यावर बसून पोटावर वाघाचं तोंड काढत होता आणि मधे मधे "श्वास सोडा" म्हणून ओरडत होता.

मी संधी साधून विचारलं, "अहो, आता तरी सांगा. पोरीला काय सांगू?"

नळीवर हात टेकून हे म्हणाले, "वाघ होणं वेगळं, सासरा होणं वेगळं. माणसं मजेशीर आहेत. पण मजा करताना सगळेच खरे वाटतात. अजून बघतोय."

मी चिडले. म्हटलं, "परवा विमान आहे आपलं! काय बघायचं ते लवकर बघा!" आणि तिथनं उठून गेले, नाहीतर त्या पोटावरच्या वाघाला एक लगावली असती.

ओणम

समारंभ एका स्पोर्ट्स सेंटरच्या मोठ्या हॉलमध्ये होता. जमिनीवर बॅडमिंटनच्या रेषा, त्यांच्यावर फुलांच्या पाकळ्यांची गोल रांगोळी, आणि भिंतीला लागून टेबलांवर केळीची पानं मांडलेली. लिस्सीनं सायलीला आपली सोनेरी काठाची पांढरी साडी नेसवली होती. पोरगी इतकी गोड दिसत होती की मला भरून आलं, आणि ती माझा हात इतका घट्ट धरून होती की माझी बांगडी रुतली.

आधी रस्सीखेच झाली, कोट्टायमवाले जिंकले आणि नको तितके नाचले. मग चेंडा वाजायला लागला. तो ढोल खांद्याला अडकवून काठ्यांनी बडवतात, आणि तो ताल कानातनं न जाता पायातनं वर चढतो. वाघ आत आले. पहिले चार सडपातळ, त्यातला एक जोबिन. आणि मग आमचे हे. मुखवटा, बाहेर लोंबणारी लाल जीभ, कमरेला घंट्यांचा पट्टा, आणि पुढं ते पोट, जबडा वासून! ह्यांनी पोट डावीकडं टाकलं, हॉल ओरडला. उजवीकडं टाकलं, दुप्पट ओरडला. आमच्या लग्नाच्या वरातीत जो माणूस घोड्यावर मख्ख बसला होता, तो हाच का, मला कळेना. मी शिट्टी मारली. हो, मारली! लहानपणी येत होती, अजून येते.

जोसेट्टनच्या एका हातात माईक, दुसऱ्या हातात उशी. प्रत्येक वाघाची ओळख करून द्यायची तिथली रीत आहे, आणि ओळख म्हणजे चंपी. ह्यांची पाळी आली. चेंडा थांबला. ह्यांनी मुखवटा काढून काखेत धरला आणि जोबिनला खूण केली, सांग. जोबिन माईकशेजारीच उभा असल्यामुळं त्याचं मराठी सगळ्या हॉलला ऐकू जायला लागलं.

"डॅडी म्हणते, हा वाघ कोल्हापूरहून आला. माझा फ्रिज बघितला, टायर बघितला, मुलगा पण बघितला. सगळा तोंडात घेतला. आता गिळत पण नाही, थुंकत पण नाही."

हॉल गडगडला. माझ्या हातातला सायलीचा हात गार पडला.

"डॅडी म्हणते, मुलगा घोरते. ओला टॉवेल बेडवर टाकते. तांदळाची पुट्टु वाफवते तर त्याची वीट होते. कोल्हापूरला घेऊन जावा, परत पाठवू नका."

मग जोसेट्टन अजून एक वाक्य बोलले, आणि जोबिन एकदम गप्प झाला. मल्याळी मंडळी हसून हसून टेबलांवर थापा मारत होती. जोबिन सायलीकडं बघत होता. मग ह्यांच्याकडं. आम्हा तिघांशिवाय मराठी कळणारं तिथं कुणी नव्हतं. गाळलं असतं तर कुणाला पत्ता लागला नसता.

"बोल," हे म्हणाले.

जोबिननं डोळे मिटले. "डॅडी म्हणते, सायलीच्या गाडीचा आरसा पार्किंगमध्ये कुणी अनोळखी माणसानं तोडला नव्हता. मी तोडला. रिव्हर्स करताना. आणि तिला खोटा सांगितला. ती अजून त्या माणसाला शिव्या देते, आणि मी पण तिच्यासोबत देते."

"काय?" सायली किंचाळली.

ह्यांनी त्या पोराकडं बघितलं.  पोरगा अंगभर पट्टे असलेला, पण उभा असा जसा दप्तर विसरलेला शाळकरी. मग हे माझ्याकडं वळले आणि माईक नसतानाही मला स्पष्ट ऐकू आलं, "एवढंच बघायचं होतं मला. ह्यानं गाळलं नाही."

त्यांनी माईक घेतला नाही. भाषण केलं नाही. दोन पावलं पुढं आले, पाय रोवले, आणि पोट हलवलं. कमरेच्या घंट्या वाजल्या, एकदा. हॉल वाट बघत राहिला. परत पोट हलवलं. परत वाजल्या. आणि थांबले.

मला कळलं. एसटीत बसलेल्या कुणालाही कळलं असतं. एक घंटा म्हणजे थांब, दोन म्हणजे जाऊ दे गाडी. पण मला वाटलं, इथं या परदेशात कुणाला कळणार?

"डबल बेल!" जोसेट्टन किंचाळले. अहो, त्यांच्या केरळातही बस डबल बेलवरच सुटते! "डबल बेल! डबल बेल!" सगळा हॉल ओरडायला लागला, कोट्टायमवालेसुद्धा. चेंडा फुटेस्तोवर वाजायला लागला. जोसेट्टननी उशी हवेत उडवली आणि लगेच पोट धरून "अय्यो" म्हणत खाली वाकले. लिस्सी माझ्या गळ्यात पडली, मी तिच्या, आणि आम्ही दोघी आपापल्या भाषेत रडत एकमेकींना मुडदे म्हणत होतो.

सायली धावत सुटली. आधी जोबिनच्या दंडावर दोन गुद्दे, आरशाचे. मग बापाच्या गळ्यात. मी ओरडले, "अगं साडी! लिस्सीची साडी! घामानं रंग ओला झालाय!" कोण ऐकतंय? ह्यांनी तिला पोटाशी धरली ती धरलीच, आणि हे आयुष्यात पहिल्यांदा चारचौघांत रडले. ती बाजूला झाली तेव्हा गालाला, कपाळाला, हातांना, सगळ्या पांढऱ्या साडीला पिवळंधमक लागलेलं. मी लिस्सीला "सॉरी, सॉरी" म्हणायला लागले, तर ती म्हणाली, "राहू दे, असंच राहू दे."

आमच्याकडं नवरीला हळद लावायचा मान सवाष्णींचा. माझ्या लेकीला पहिली हळद वाघानं लावली.